अर्धविरामामागे

याशच्या रविवारच्या बाजारात इलिंकाने तो घेतला,
अक्रोडांची पोती आणि सायकलच्या ट्यूबा यांच्या मधोमध,
एका कडेने पिवळट पडलेला पांढरा कन्सोल.
विकणाऱ्याला घाई होती. कार्ड आतच राहिलं.

आता रात्रीचे साडेबारा. नवव्या मजल्यावर
हीटरची नळी टकटकते, भाऊ कूस बदलतो,
आणि टीव्हीवर, काळ्यावर पांढरं:
फाइल सापडली नाही.

आहे की!
त्याच फोल्डरात, त्याच जागी, दोनदा ठेवली.
तिसऱ्यांदा कार्ड लॅपटॉपमध्ये घातलं तेव्हा दिसतं,
नोटपॅडने गुपचूप नावाला शेपूट जोडलंय:
कॉन्फिग डॉट आयएनआय डॉट टीएक्सटी.

शेपूट छाटलं. तरी नाही.
ध चा मा झाला तर निदान तो दिसतो तरी;
इथे ओळीच्या टोकाला नुसती एक मोकळी जागा,
आणि तेवढ्यावरून यंत्र अडून बसलेलं.

ती एकेक ओळ बोटाने चाचपत खाली येते.
भाषा: रोमानियन यादीतच नाही. बरं, इंग्रजी.
आवाज = ४०. भिंती पातळ आहेत.
बटणाची सवड = १४

आणि त्याच्या डोक्यावर अर्धविरामाने सुरू होणारी ओळ.
अर्धविरामामागचं यंत्र वाचत नाही,
तिथे काहीही लिहावं, कुणीही.

; दोरिनचा अंगठा हळू चालतो. चौदाच्या खाली नेऊ नका.

नेऊ नका. कुणाला सांगितलं असेल?
; मार्च, अठरा
; जून, सोळा
; सप्टेंबर, चौदा!!
पुढे काही नाही. फाइल संपते.

कर्सर लुकलुकत राहतो.
तिच्या भावाला चारसुद्धा पुष्कळ.
पुसलं तर कुणाला कळणार आहे,
आणि ठेवलं तर जागा तरी किती खाणार.
ती चौदाच्या ओळीपुढे एक अर्धविराम ठेवते,
खाली नवी ओळ लिहिते: सवड = ४.
शेवटची मोकळी जागा खोडते.

कार्ड आत. काळं. अजून काळं.
मग मेनू, असा दणक्यात
की भाऊ ताडकन उठून बसतो.
चाळीस बहुधा पन्नासपैकी होते.

"लागला?"
"झोप तू," ती म्हणते,
खाटेखाली हात घालून
दुसरा कंट्रोलर शोधत.