मथूला ऐकू आलेलं

सोळा मूकपट. प्रत्येकात घोडा, तलवार
आणि फणशांच्या रावजीचे हलते ओठ.

तो मरायचा तेव्हा सगळा रावपुरा रडायचा,
पडद्यापाशी बसलेला पेटीवालासुद्धा
काळ्या पट्ट्यांवर रेंगाळायचा.
एकदा हसली बायकांच्या बाकावरून
शिंप्याची मथू, जन्माची बहिरी.
तिला दिसलं होतं तो काय म्हणाला ते :
‘आटपा रे, पाठीखाली मुंग्या आहेत.’

मग बोलपट आले.
रावजीचा आवाज किनरा, वर बडोद्याचा हेल.
चाचणी सकाळी. रात्रीची गाडी परतीची.

आता दांडियाबाजारात पोरांना मलखांब शिकवतो.
दिवेलागणीला सुरसागरच्या कठड्यावर बसतो मथूसमोर,
उजेड तोंडावर पडेल असा.
सवय जुनी.
काय बोलतो, आम्हाला ऐकू येत नाही.

ती पदर तोंडाला लावते.