उसनवारी

तोर्शाव्हन, पहाटेचे चार.
नवा सर्व्हर कालच बसवला, आणि
लाटांचा अंदाज सांगणारा प्रोग्राम
एका ओळीत मान टाकतो :
लिबआल्डा डॉट एसओ डॉट तीन – सापडली नाही.

मार्युन एलडीडी चालवते.
बाण, पत्ता. बाण, पत्ता.
कोण कुणाकडून काय उसनं घेतं, त्याची ही वही.
गणित एकाचं, घड्याळ दुसऱ्याचं,
स्वतःचं म्हणावं असं फार थोडं.
एका बाणापुढे पत्ताच नाही.

चौथी आवृत्ती आहे. तिलाच ती तिसरीचं नाव देते.
उठतो, दोन पावलं चालतो, कोसळतो :
हाक जुन्या नावानं, ओ द्यायला कुणी नाही.

बंदरात बोटी खोळंबल्यात.
हॉग्नी निवृत्त; पण मेंढ्या विण्याचे दिवस, जागाच असणार.
"अगं, मीच बांधली होती ती, ऑप्टमध्ये.
जुनी डिस्क फेकली नाहीस ना?"

डिस्क खिडकीच्या फटीत,
काच वाजू नये म्हणून खोचलेली.

फाइल जागेवर ठेवते,
लोडरला वाट सांगते. एलडीकॉन्फिग.
तो काहीच बोलत नाही,
म्हणजे ऐकलं.

मिकिनेसच्या पश्चिमेला, साडेचार मीटर.

आणि खिडकी
पुन्हा खडखडायला लागते.