कलफात

सूरच्या क्लबात मी कपडे धुतो. बावीस सीझन झाले.
मॅच अशी मी क्वचितच बघतो,
तेव्हा माझे पहिल्या हाफचे मोजे वाळत असतात.
पण शर्ट हातात आला की कळतं कोण कुठे पडला.

फॉरवर्डचे शर्ट छातीवर मळतात, मिठ्या मारून मारून.
यक्झानचा डाव्या कुशीवर.
पांढऱ्यावर हिरवा, तिरका, वीतभर ओरखडा
दर खेपेला त्याच जागी,
व्हिनेगर नि ब्रशला दाद न देणारा.

पहिल्यांदा आला तेव्हा अकरा वर्षांचा,
शर्ट गुडघ्यापर्यंत. म्हणाला, "अम्मी,
बाह्या आखूड करून देशील?"
मला हसू आलं. आमच्या दाभोळला अम्मी म्हणजे
मोहल्ल्यातल्या पोरांची आई.
इथं काका.
बाह्या केल्या. अम्मी ते अम्मीच राहिलो.

बाप त्याचा खाडीकाठी गलबतं बांधायचा,
म्हणजे डागडुजीच; नवं कोण बांधतं,
कधीमधी एखादं, हॉटेलच्या दारात ठेवायला.
फळीफळीतल्या फटीत तेलात भिजवलेला कापूस
ठोकून ठोकून बसवायचा. त्याला कलफात म्हणतात.
माझा आजाही कलफातच म्हणायचा.
एका शब्दापुरता मी इथला,
किंवा तो म्हातारा आमच्याकडचा.

पोरगं फटीच बघत वाढलं.
बाकीचे चेंडूमागे; हा
चेंडू जिथून जाणार तिथे आधीच उभा.
कोच बोंबलायचा, पळ, पळ!
हा चालत जायचा आणि वेळेवर पोचायचा.
नावाचा अर्थ मी एकदा विचारला.
"जागा," म्हणाला. "झोप न लागलेला."

पिकतं तिथं विकत नाही.
क्लबाने ब्राझीलचा एक आणला, घानाचा एक,
त्यांना समुद्राकडचा फ्लॅट, गाडी.
यक्झानला बंदरातल्या कचेरीत सकाळची नोकरी,
संध्याकाळी प्रॅक्टिस, पगार तीन तीन महिने उशिरा.
माझाही.
तेव्हा आम्ही इस्त्रीच्या टेबलाशी बसायचो,
खजूर, कहवा,
नि पैशांची गोष्ट कुणीच काढायचा नाही.

एक सीझन दोहावाल्यांनी मागून नेला.
मार्चमध्ये परत पाठवला, गुडघ्यासकट.

दोनशे अकरा मॅच. गोल दोन,
त्यातला एक आपल्याच जाळीत,
कपच्या सेमीफायनलला, दोन मिनिटं उरलेली असताना.
तो मात्र गावाला पाठ आहे.
मासळीबाजारात सुरमई तोलता तोलता अजून दाखवतात,
पाय असा आडवा घालून.
न झालेले गोल कुणाला सांगणार?
त्यांचा फक्त डाग पडतो,
तोही मी काढून टाकतो.

शेवटची मॅच मेमध्ये, रात्री नऊलाही गवतातून वाफ.
त्याचं पोस्टर लावलं होतं फाटकावर.
बाप चाकाच्या खुर्चीत, पहिल्या रांगेच्याही पुढे.
नवा कोच बाहेरचा; त्याला पॉइंट हवा होता.
यक्झान तीनदा उठला, रेषेवर पळून आला,
तीनदा बाकावर बसला.
शिट्टी झाली. त्याला भिंतीवरचं घड्याळ दिलं, फोटो काढले,
बापाने घड्याळ मांडीवर घेतलं.

मग कपड्यांचा गठ्ठा आला.
चार नंबर वरतीच,
घडीच्या रेघा तशाच, माझ्याच इस्त्रीच्या.
कोरडा. डावी कूस नव्यासारखी.
पोरं बूट न्यायला यायची होती,
दारात माझा नवा मदतनीस, बडबड्या.
मी तो शर्ट उचलला
आणि बाकीच्यांच्या घामात, गवतात
पार तळाला सरकवला,
मशीन सुरू केलं.
नीळ जरा जास्तच पडली.