सोपं काहीतरी

मंगळवारी व्हर्डेलचा फोन.
"टर्की अल्सीड करतोय, भात माझ्याकडे.
तू याम आण. सोपं असतं."
मग जरा थांबून,
"चौदा जण आहोत."

आमच्या घरात कामं अशी वाटतात:
ज्याचा हात बसलाय त्याला टर्की,
पोरांना बर्फ आणायला पिटाळतात,
आणि ज्याचं काही सांगता येत नाही
त्याला कागदी बशा.
चार वर्षं माझ्याकडे कागदी बशा होत्या.
एका वर्षी मी त्याही पोचवल्या नाहीत.

सनसेटच्या रस्त्यावर एक म्हातारा
ट्रकच्या मागून रताळी विकतो.
याम म्हणतो आम्ही, असतं रताळंच,
लुईझियानात हा वाद कुणी घालत नाही.
मी म्हटलं, आजच खणलेली द्या, ताजी.
तो हसला. "ताजं पिठूळ लागतं, पोरा.
खणताना फावड्याचे ओरखडे बसतात,
आठवडाभर ऊबदार, दमट खोलीत ठेवतो,
साल भरून येते. गोडी त्यानंतर."
मी पन्नाशीचा. पोरा म्हणाला.
पाच किलोचे पैसे दिले आणि निघालो,
त्याला माझ्याबद्दल काहीएक ठाऊक नव्हतं.

आईचं कार्ड फ्रीजवर मासळीच्या चुंबकाखाली.
सोलणे. बोटभर जाड चकत्या.
लोणी एक कांडी, ब्राऊन शुगर मूठ मूठ,
दालचिनी, जायफळ, मीठ चिमूटभर, विसरू नये.
बर्बन दोन चमचे.
त्याच्यापुढे तिच्या तिरक्या अक्षरात: अंदाजाने.

अंदाज.
आमच्या घराण्यात तो एकालाही धड जमला नाही.

ओट्यावर हात टेकून उभा राहिलो.
घरात बाटली नाही. दोनशे एकोणीस दिवस नाही.
दुकान चार मिनिटांवर,
आणि कारणही किती घरंदाज: आईची पाककृती.
ओव्हन साडेतीनशेवर तापून टिंग वाजला.
तिथेच एक संत्रं होतं, कालच्या डब्यातलं,
ते पिळलं. साल किसली.
बोटाच्या पेराचं कातडंही किसलं गेलं थोडं,
नळाखाली धरलं, पुन्हा कामाला लागलो.

तासाभरात पाक कडेने बुडबुडायला लागला,
वास जिन्यावर गेला असणार,
कारण वरच्या मजल्यावरची मिसेस फुसेलिए
उगाचच कचरा टाकायला खाली आली.

भांडं टॉवेलात गुंडाळून शेजारच्या सीटवर,
त्याला सीटबेल्ट लावला.
रेल्वे फाटकावर तर मी
लेकुरवाळीसारखी गाडी चालवली.

टेबलाच्या टोकाला नॅनन ओडाइल,
एक्याण्णव वर्षं, डोळे गेलेत, जीभ शाबूत.
पहिला घास घेतला, काटा खाली ठेवला.
"ह्यात क्लोटीलचं ते नाही."
व्हर्डेल भाताकडे बघत राहिली.
कुणाचा तरी चमचा बशीवर वाजला.
"नाही," मी म्हटलं. "संत्रं आहे."
नॅनन चघळत राहिली, फार वेळ,
दात नसलेलं माणूस चघळतं तसं.
मग बशी पुढे केली:
"कोपऱ्यातलं वाढ. करपलेलं."

निघताना व्हर्डेल दारापर्यंत आली,
रिकामं भांडं माझ्या काखेत.
"नाताळला भात करशील?"
"भात सोपा नसतो."
"माहीत आहे मला," म्हणाली,
आणि जाळीचं दार लावून घेतलं, डास येतात म्हणून,
नोव्हेंबरातसुद्धा.

घरी आलो. भांड्याच्या कडेला
काळी साखर चिकटून बसलेली.
घासणीने निघेना, नखाने निघेना.
थोडी खाल्ली.
बाकीची रात्रभर पाण्यात भिजत ठेवली.