उसना दशक

बाई मंत्रालयासमोर प्लास्टिकच्या खुर्चीत बसल्यात.
तिसऱ्या मजल्यावरून मला त्यांची छत्री दिसते,
एक काडी दोऱ्याने बांधलेली. तीच ती.
सॉल्टपाँडच्या शाळेत तिचं टोक फळ्यावर टेकवून
त्या विचारायच्या: फीफी, दोनातून सात जात नाहीत. मग?
मग शेजारच्या घरातून एक दशक उसना घ्यायचा, बाई.
आणि?
मी गप्प.
आणि शेजाऱ्याचं घर एकाने कमी कर, गाढवा.
तेवढंच मी विसरायचो.

आता माझ्या दारावर पाटी आहे: कर्ज विभाग.
समुद्रात तेल लागलं त्या वर्षी
लांबच्या शहरांतून कोट घातलेली माणसं आली,
अक्राच्या उकाड्यात मान पुसत म्हणाली, घ्या हो.
आम्ही घेतलं.
डॉलरमध्ये घेतलं, सेडीत उडवलं:
निवडणुकीआधी रस्ते,
पगारवाढ,
वीज न घेताच वीजकेंद्रांना भरलेलं भाडं,
आणखी काही, ज्याची पावती मला सापडली नाही.
हप्ता आला की नवं काढून जुनं भागवलं.
शेजारी शून्य निघाला
तर त्याच्याही शेजाऱ्याकडे जायचं,
हेही बाईंनीच शिकवलेलं.

मग साथ आली. बंदर गप्प झालं.
मग कुठल्याशा युद्धाने गहू महागला,
कोटवाल्यांच्या देशात व्याज चढलं,
आणि ते फोन उचलेनात.
सकाळी खडूने लिहिलेला डॉलरचा भाव
दुपारी थुंकी लावून पुसावा लागे.
कोपऱ्यावरच्या अबा टेकीवाने केंकीचा दर वाढवला नाही,
गोळाच लहान केला. मुठीचा लिंबाएवढा झाला.
मी बघतोय म्हटल्यावर हसली:
तुम्ही कागदात करता, मी पानात गुंडाळून करते.

बाहेरची घरं संपली तेव्हा
आम्ही आतल्या घरांकडे वळलो.
नोटिशीचा मसुदा माझ्या हातचा.
जुना रोखा द्या, नवा घ्या.
व्याज निम्म्याहून खाली, मुदत पंधरा वर्षं.
अदलाबदल ऐच्छिक.
'ऐच्छिक'खाली साहेबांनी रेघ मारायला सांगितली.

जेवणाच्या सुट्टीत खाली उतरलो,
हातात पाण्याच्या दोन पिशव्या.
फुटपाथभर म्हातारी माणसं. एक निवृत्त नर्स
मांडीवर इन्सुलिनचा डबा धरून, त्यातला बर्फ वितळलेला.
एक इंजिन ड्रायव्हर झोपेत कुणावर तरी ओरडत होता.
बाईंनी मला लगेच ओळखलं. रागावल्या नाहीत,
ते जास्त वाईट.
वहीचं पान पुढे केलं:

मुद्दल: एकतीस वर्षांची ग्रॅच्युइटी.
दर: द.सा.द.शे. तुम्हाला वाटेल तो.
मुदत: पंधरा.
माझं वय: एकाहत्तर.
सोडव.

मी उभ्या उभ्या बेरीज केली.
शहाऐंशी, बाई.
बरोबर. बारा वर्षांचा होतास तेव्हा
इतकं झटकन येत नव्हतं तुला.
त्यांनी पिशवीचा कोपरा दाताने तोडला,
पाणी आधी नर्सला दिलं.
मग म्हणाल्या, सगळे डुबलेत, मलाही कळतं.
वर्तमानपत्र वाचते मी.
मला एवढंच सांग,
उसना घेतलात, तेव्हा कुणाचं घर एकाने कमी केलंत?

तुमचं.

मग तसं लिहा ना नोटिशीत.
ऐच्छिक काय लिहिता?

परत आलो तर लिफ्ट बंद, वीज गेलेली.
जिने चढताना दुसरी पिशवी खिशात फुटली.
टेबलावर पान उलगडलं:
मुद्दल पुसट, वय पुसट, शाई पसरत पसरत कडेपर्यंत गेलेली.
उत्तराच्या वर बाईंनी पट्टीने मारलेली रेघ तेवढी
पेन्सिलीची होती, म्हणून राहिली.