फणसे चित्र, चरई

निर्माता म्हणजे नेमकं काय करतो
हे मलाही पहिली चार वर्षं कळलं नव्हतं,
आणि मी तर त्याच्याच पैशांचा हिशेब लिहीत होते.

पिठाच्या गिरणीवर दोन खोल्या.
खाली पट्टा फिरू लागला की
टेबलावरचा पेपरवेट हळूहळू खिडकीकडे निघे.
त्र्यंबकराव फोनवर ओरडत,
'खडखडाट नाही हो, नव्या चित्राचं संगीत!'
पलीकडे बहुधा सावकार असे.

खातेवही, सन अठ्ठावन्न.
पाऊस, टँकर दोन : बावीस रुपये.
रडण्यासाठी ग्लिसरीन : बारा आणे.
नायिकेच्या आईला वेगळा टांगा.
म्हैस, एक दिवस भाड्याने
(दुपारीच तलावात बसली, उठेना. निम्मे कापले).
'हे असं लिहायचं?' मी विचारलं.
'सगळं लिही, शालन.
पडद्यावरचं खोटं चालतं. वहीतलं नाही.'

पहिलं चित्र नऊ दिवस चाललं.
नौपाड्याचं घर गहाण पडलं, ते तसंच राहिलं.
दुसरं सव्वीस आठवडे.
मला शिवणयंत्र मिळालं, गिरणीवाल्याला घड्याळ,
आणि त्यांना स्वतःला एक जुनी मोटार,
जिचं डावं दार सुतळीनं बांधलेलं असायचं.

तिसरं रंगीत करायचं होतं.
सात रिळं झाली.
मग कोलशेतचा काळू भोईर
दिवा लावताना परांचीवरून पडला.
तीन महिने इस्पितळ, नंतर काठी,
नंतर त्याच्या बायकोला भाजीची गाडी.
कच्च्या फिल्मचे पैसे संपले.
ठाण्यात बोलबाला झाला, फणसे बुडाला, बाईच्या नादानं.
त्यांनी कुणाला काही सांगितलं नाही.
मी ते 'इतर' या रकान्यात लिहिलं.
रकाना अरुंद होता. आकडे शेजारच्या
'चहापाणी'वर गेले.

छपरांवर अँटेना उगवल्या तेव्हा ते साठीचे होते.
तेरा भाग मंजूर.
साबण कंपनीचे साहेब म्हणाले,
'सासू जरा कमी वाईट करा. आमचा साबण तीही वापरते.'
पाचव्या भागापासून सासू सुधारली.
येऊरच्या बंगल्यात चित्रण,
संध्याकाळी सहानंतर नायक थांबेना,
बिबट्याला घाबरे.
बिबट्या कधी आला नाही.
त्याच्या नावावरही एक शेळी खर्ची पडली आहे,
ती कोणी खाल्ली ते मला ठाऊक आहे.

पहिल्या भागाला आम्ही सगळे त्यांच्या घरी.
काळू काठी टेकत आला होता.
शेवटी नावं वर सरकू लागली, रंगभूषा, वेशभूषा,
दिवे (काळूनं नाक ओढलं),
मग 'निर्मा'
आणि बातम्या सुरू झाल्या.
शेजारची मुलगी म्हणाली, 'परत साबणाचीच जाहिरात.'
सगळ्यांत मोठ्यानं हसले ते स्वतः.
तेराही रविवार तसंच. बातम्या वेळेवर.

ते गेल्यावर मुलानं डबे विकले,
वागळे इस्टेटमधल्या एका शेडमध्ये, किलोच्या भावानं.
तिथे हौदात फिल्म धुवून चांदी काढत.
म्हैस, पाऊस, नायिकेची आई, सगळं उकळत्या पाण्यात.
मी पावती करायला गेले होते, सवयीनं.
चांदी निघाली ती माझ्या मुठीत मावली असती.
धुतलेली फिल्म काचेसारखी, तिच्या बांगड्या होणार होत्या.

एक तुकडा मी पर्समध्ये घातला. चोरीच ती.
अकरा चौकटी.
मासुंद्याच्या काठावर नायक उभा आहे, प्रेमात.
नातीनं परवा तो खिडकीशी धरला.
ती घोडबंदरला मालिकेत काम करते,
रोज कुणाचं ना कुणाचं लग्न लावतात म्हणे.
'आजी, फ्रेममध्ये माणूस आलाय. चूक आहे ही.'

पाण्यात, उलटा,
काखेत फाइल धरून एक माणूस
नोटा मोजतोय.
ओठ हलताहेत, चौकटीगणिक थोडे थोडे.
अकराव्या चौकटीपर्यंत मोजणं पुरं होत नाही.

मी वही काढली. तारीख सापडली.
चहा, अठरा कप.
त्या दिवशी कमी पडले होते सात रुपये,
आणि पुढे त्यांच्या अक्षरात,
'माझे धरावेत.'