चौदा घरं पाणी

ऑर्डर आली: सत्तर बाय एकशेचाळीस, दोन रंग,
निळा आणि पांढरा. शार्क आणि सील.
समुद्रकिनाऱ्यावर अंथरायचे टर्किश टॉवेल.
किनारा इथून एका रात्रीच्या एसटीवर,
आणि मी तो पाहिलेला नाही.

ग्राफच्या कागदावर घरं भरत बसतो.
एक घर म्हणजे एक फासा.
शार्कच्या नाकापासून सीलच्या शेपटीपर्यंत
मोजून चौदा घरं कोरी ठेवली.
चौदा घरं पाणी.

इरय्या बोड्डूल जकार्डचे पत्ते पंच करतो.
चष्मा कपाळावर ढकलून विचारलं, "हे काय जनावर?"
सील, म्हटलं.
"नीटि कुक्का," तो म्हणाला. पाण्यातलं कुत्रं.
आणि त्या दिवसापासून कुत्र्याची बाजू घेऊ लागला:
"दोन घरं अजून दे की त्याला."
डिझाइन पास झालंय, इरय्या.
"झालं असेल."

रात्री दाजी पेठेत, बायको विड्या वळत असताना
मोबाइलवर पाहत राहिलो.
शार्क खालून येतो, सरळ, जिन्यासारखा.
वरून पाहणाऱ्याला त्याची पाठ म्हणजे खोल पाणी,
खालून पाहणाऱ्याला पोट म्हणजे उजेड.
पहिला घाव चुकला
तर सील पळत नाही लांब,
वळून शार्कच्याच कुशीला चिकटतं,
जबडा पोचत नाही तिथं,
त्याच्याबरोबर वळतं, त्याच्याबरोबर गिरकी घेतं.
सूर्य वर आला की पुष्कळदा शार्क नाद सोडतो.
"कोण जिंकलं?" बायकोने सुपातून मान वर न करता विचारलं.
उजाडलं, म्हटलं.

शार्कलाही खाणारं कुणी आहे.
काळंपांढरं, कळपानं येतं,
कलेजी तेवढी खातं, बाकीचा देह सोडून देतं.
ते येऊन गेलं की शार्क
त्या पाण्याकडे कित्येक आठवडे फिरकत नाहीत,
आणि सील उन्हात पोट वर करून पडतात.

पोरगा कॉलेजातून आलेला. म्हणाला,
म्हणजे शार्क म्हणजे शेठ, ना?
नाही रे.
शेठला सुताच्या उधारीनं झोप नाही,
आणि शार्क भूक भागल्यावर हिशेब ठेवत नाही.
रविवारी त्याला हिप्परग्याला नेलं.
पाणकावळ्यानं चिलापी धरली,
हवेत उडवून सरळ केली,
डोक्याकडून गिळली, म्हणजे काटे उलटे लागत नाहीत.
एवढंच आहे बघ, म्हटलं.
तो मोबाइल बघत होता.

मंगळवारी गिऱ्हाइकाचा निरोप:
लहान मुलांसाठी आहे, शार्कचे दात काढा.
मी इरय्याला वाचून दाखवलं.
तो म्हणाला, "आधीच काढतोय की दात, बघ ना कसा हसतोय."
मग बत्तीस पत्ते बाजूला ठेवले,
नवे पंच केले, गप्प बसून.
आता बिनदाताचा शार्क हसत येतो,
आणि मला तो पहिल्याहून भयंकर वाटतो.

माग सुरू झाला. खटखटीत काही ऐकू येत नाही.
कापड उलटून पाहिलं:
सुलट्यावर पांढऱ्या पाण्यात निळा शार्क,
उलट्यावर निळ्या पाण्यात पांढरा.
समुद्रात तो दोन्हीकडून लपतो,
आमच्याकडे दोन्हीकडून दिसतो.
टॉवेल अजून कापलेले नव्हते,
एकामागे एक, एकाच थानात,
शार्कपुढे सील, सीलपुढे पुन्हा शार्क,
कोण कुणाच्या मागे, कात्री लागेपर्यंत
सांगता येणार नाही.

मी फुटपट्टी ठेवली, मग सुई घेऊन फासे मोजले.
नाकापासून शेपटीपर्यंत सोळा.
पुन्हा मोजले. सोळा.
पत्त्यांच्या माळेत, दोरीनं ओवलेले,
दोन पत्ते पाण्याचे जास्त.

टॉवेल मापापेक्षा दोन फासे लांब.
एवढं कुणी मोजत नाही.
इरय्या तंबाखू मळत होता,
माझ्याकडे न बघता.
मी गठ्ठ्यावर पासचा शिक्का मारला.